कलाविभागात शिरायचंय? चाळीतल्या एका खोलीपासून सुरुवात करा

"सीन १४. आत. चाळीतली खोली, गिरणगाव. रात्र. १९७८ चा पावसाळा. दुसरी पाळी संपवून आलेला विठोबा जेवायला बसलाय. सुमन गावाकडून आलेलं पत्र त्याला वाचून दाखवते."

हा प्रसंग मी या लेखासाठी रचला आहे. पटकथेत असे कितीतरी प्रसंग असतात, आणि प्रत्येकातली जागा, तिथली एकेक वस्तू कुणीतरी ठरवलेली, शोधलेली, बनवलेली आणि मांडलेली असते. ते काम कलाविभागाचं. हातात कसब आहे, चित्र काढता येतं, पण सिनेमात कुणाशीच ओळख नाही, अशा मुलामुलींसाठी हा लेख आहे. वरचा एकच प्रसंग घेऊन आपण कामाच्या सगळ्या पायऱ्या पाहू. वाचता वाचता तो कागदावर करत गेलात, तर काम मागायला जाताना दाखवण्याजोगी एक वही तुमच्याकडे तयार होईल.

या विभागात नव्या माणसाची पारख दोन गोष्टींवरून होते: त्याचं मोजमाप आणि त्याची नोंद. छान चित्र काढणारे पुष्कळ येतात. दाराची चौकट किती इंच रुंद होती हे न विचारता सांगणारा आणि कालच्या शॉटमध्ये पेला ताटाच्या कोणत्या बाजूला होता याचा फोटो लगेच काढून दाखवणारा पुढच्या कामालाही बोलावला जातो.

कोण काय करतं

सगळ्यात वर प्रॉडक्शन डिझायनर. चित्रपटाचा एकूण दृश्यविचार त्याचा: रंग, काळ, जागांचा स्वभाव. ही पदवी प्रथम विल्यम कॅमेरॉन मेंझीस यांना १९३९ साली 'गॉन विथ द विंड'साठी मिळाली. डिझायनरच्या हाताखाली कलादिग्दर्शक, जो तो विचार लाकूड, प्लाय आणि रंगात उतरवून घेतो. मग चीफ असिस्टंट, त्याखाली असिस्टंट, प्रॉपर्टी सांभाळणारे, आणि सुतार, रंगारी, मोल्डर, सेटिंगची माणसं. मराठी चित्रपटात बजेट लहान असतं, त्यामुळे डिझायनर आणि कलादिग्दर्शक बहुधा एकच व्यक्ती असते आणि दोन-तीन असिस्टंट सगळं ओढतात. शिकणाऱ्याला ही अडचण फायद्याची ठरते. मोठ्या हिंदी सेटवर महिनाभर फक्त पडदे आणि चादरी सांभाळाव्या लागतील. छोट्या मराठी चित्रपटात तेवढ्याच दिवसांत आराखड्यापासून सेट उतरवण्यापर्यंत सगळं हातून जातं.

आपल्याकडे हा वारसा रंगाऱ्यांचा आणि चित्रकारांचा आहे. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर आणि आनंदराव पेंटर नाटक कंपन्यांचे पडदे रंगवत होते. तिथून ते सिनेमाकडे वळले. प्रभात फिल्म कंपनीचे साहेबमामा फत्तेलाल कलादिग्दर्शक होते आणि विष्णुपंत दामल्यांबरोबर त्यांनी 'संत तुकाराम' (१९३६) दिग्दर्शितही केला. अलीकडच्या काळात जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये शिकलेल्या नितीन चंद्रकांत देसाईंनी कलादिग्दर्शनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळवले. 'लगान'साठी त्यांनी भूजजवळ कुनारिया इथे अख्खं गाव उभं केलं होतं. या परंपरेचा अभिमान बाळगावा, आणि तिचा अभ्यासही करावा. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात त्यासाठी भरपूर सामग्री आहे.

पहिली पायरी: प्रसंगाची फोड

पटकथा हातात आली की पहिल्यांदा ती सलग वाचा, पेन्सिल न लावता. दुसऱ्या वाचनात फोड करा. सीन १४ मध्ये उघड लिहिलेल्या वस्तू फार थोड्या आहेत: जेवण आणि पत्र. बाकी सगळं तुम्हाला ओळखायचं आहे.

माणूस जेवतोय म्हणजे ताट, पेला, भाकरीचा डबा, पातेली, स्टोव्ह. दुसरी पाळी म्हणजे मध्यरात्रीची वेळ, तेव्हा अन्न झाकून ठेवलेलं असणार आणि खोलीत कुणी झोपलेलं असेल तर गोधड्याही लागतील. पावसाळा आहे म्हणून दाराशी ओली छत्री, दोरीवर न वाळलेले कपडे, कदाचित गळतीखाली ठेवलेलं भांडं. खोली चाळीतली म्हणजे मोरी, पाण्याचं पिंप, लोखंडी ट्रंक, देवाचे फोटो.

ही यादी चार रकान्यांत लिहा. पहिल्यात बांधकाम: भिंती, दार, खिडकी, मोरीचा कट्टा. दुसऱ्यात ड्रेसिंग, म्हणजे खोलीत असतं पण पात्र ज्याला हात लावत नाही ते. तिसऱ्यात हँड प्रॉप: पत्र, ताट, पेला, छत्री. चौथ्यात संपणाऱ्या गोष्टी: भाकरी, भाजी, रॉकेल, काडेपेटी. शेजारी एक अरुंद रकाना ठेवा, "दुसऱ्या विभागाशी बोलणं" असा. विठोबाचा ओला शर्ट वेशभूषेचा, खिडकीबाहेरचा पाऊस स्पेशल इफेक्टवाल्यांचा, छताचा दिवा प्रकाशयोजनेचा. दिव्याची वायर भिंतीतून कुठून जाणार हे छायाचित्रकाराच्या माणसांशी आधी ठरलं नाही, तर रंगवलेली भिंत चित्रीकरणाच्या सकाळी फोडावी लागते.

दुसरी पायरी: काळाचा शोध

१९७८ हे साल लिहिलं की तुमच्यावर जबाबदारी आली. काही तारखा पाठ असाव्यात. पिनकोड १५ ऑगस्ट १९७२ रोजी आला, त्यामुळे सुमनच्या हातातल्या अंतर्देशीय पत्रावर लालबागसाठी ४०००१२ लिहिलेलं चालेल. प्रसंग १९६५ मधला असता तर नुसतं 'मुंबई १२' हवं होतं. कालनिर्णय १९७३ साली सुरू झालं, म्हणजे या भिंतीवर ते टांगता येतं, पण साठच्या दशकातल्या भिंतीवर टांगलं तर जाणता प्रेक्षक तिथेच अडखळतो. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ पासून, रंगीत प्रक्षेपण १९८२ पासून. दशमान नाणी १९५७ ची. रुपयाचं आजचं चिन्ह २०१० चं, ते जुन्या काळातल्या दुकानाच्या पाटीवर चुकून येतं तेव्हा मला फार वाईट वाटतं, कारण ती चूक टाळायला एक मिनिट पुरलं असतं. इंग्रजी पाट्यांवर १९९५ पर्यंत बॉम्बे होतं, मराठी पाट्यांवर मात्र मुंबईच.

तारखांपेक्षा अवघड असतं रोजचं जगणं. किराणा कशात बांधून यायचा? कागदाच्या पुडीत, दोऱ्याने गुंडाळून. भिंतीला कोणता रंग? चुन्यात मिसळलेला निळा किंवा पिस्ता, आणि पाठ टेकायच्या उंचीवर तेलकट डाग. हे पुस्तकात क्वचितच सापडतं. जुन्या कुटुंबांचे फोटो अल्बम मागून पाहा. लग्नाच्या फोटोत नवरानवरीच्या मागे काय दिसतं ते बघा. गिरणीत काम केलेल्या आजी-आजोबांशी बोला आणि त्यांना "तुमची खोली कशी होती" असं विचारू नका, कारण उत्तर "साधीच" असं येतं. "रात्री कोण कुठे झोपायचं?" असं विचारा. त्या उत्तरातून अख्ख्या खोलीचा नकाशा मिळतो. वस्तूंसाठी पुण्यातलं राजा दिनकर केळकर संग्रहालय आणि भायखळ्याचं भाऊ दाजी लाड संग्रहालय ही दोन ठिकाणं स्केचबुक घेऊन वारंवार बघण्याची आहेत.

तिसरी पायरी: रेकी (जागेची पाहणी) आणि मोजमाप

खरी चाळ मिळाली तरी तिथे चित्रीकरण करायचं की सेट लावायचा हा निर्णय मोजमापावर होतो. खरी खोली साधारण १० बाय १२ फूट धरू. आता एक हिशेब शिका, तो आयुष्यभर उपयोगी पडेल. कॅमेऱ्यात चित्र टिपणाऱ्या सुपर ३५ आकाराच्या सेन्सरची रुंदी सुमारे २५ मिलिमीटर असते. कॅमेऱ्यापासून माणसाचं अंतर गुणिले २५, भागिले लेन्सचा मिलिमीटरमधला आकडा: एवढी रुंदी चौकटीत दिसते.

दहा फुटांच्या खोलीत कॅमेरा आणि त्यामागचा माणूस मिळून तीन फूट खातात. उरले सात. ३५ च्या लेन्सवर सात फुटांवर दिसणारी रुंदी ७ × २५ ÷ ३५, म्हणजे फक्त ५ फूट. त्यात विठोबा दिसेल, पण सुमन नाही. २४ ची लेन्स लावली तर सव्वासात फूट मिळतात, पण चेहरे कडेला ताणले जातात. भिंत काढून कॅमेरा १२ फुटांवर नेला तर ३५ वरच साडेआठ फूट मिळतात, दोघंही आरामात बसतात.

यातून दोन मार्ग निघतात. खोली वाढवून १५ बाय १८ करा किंवा १० बाय १२ च ठेवून एक भिंत काढता येईल अशी करा. मी नेहमी दुसऱ्याच्या बाजूने आहे. खोली वाढवली की चाळीचा कोंडमारा जातो. नट ऐसपैस चालू लागतात आणि तो खोटेपणा कोणत्याही ड्रेसिंगने झाकला जात नाही.

रेकीला जाताना पाच मीटरचा आणि तीस मीटरचा असे दोन टेप, पेन्सिल, आणि चार्ज केलेला फोन न्या. लांबी-रुंदी सगळेच घेतात. तुम्ही खिडकीची जमिनीपासून उंची, दार आत उघडतं की बाहेर, जिन्याची रुंदी, वळणावर सोफा फिरेल का, आणि टेम्पो कुठवर येतो हेही लिहा. दिशा नोंदवा, म्हणजे ऊन कधी कुठून येईल ते कळतं. प्रत्येक खोलीचे चारही कोपऱ्यांतून फोटो काढा, शिवाय छत आणि जमीन. वाई-मेणवलीसारख्या ठिकाणच्या जुन्या वाड्यात किंवा गोव्यातल्या शिंपल्यांच्या खिडक्यांच्या घरात काम असेल तर भिंतीला खिळा चालेल का हा प्रश्न पहिल्या भेटीतच विचारा आणि उत्तर लेखी घ्या.

चौथी पायरी: आराखडा आणि खर्च

आराखडा हाताने काढता आलाच पाहिजे, पाव इंचाला एक फूट या प्रमाणात: वरून दिसणारा नकाशा आणि प्रत्येक भिंतीचं समोरून चित्र. त्यानंतर संगणकावर स्केचअप शिका, मग ऑटोकॅड आणि फोटोशॉप. आजकाल ब्लेंडर किंवा अनरिअल येणाऱ्यालाही मागणी आहे, पण सुताराला शेवटी कागदावर फूट-इंच लागतात.

आता प्लायचा अंदाज काढू. प्लायचा ताव ८ बाय ४ फुटांचा. आपल्या खोलीच्या तीन पक्क्या भिंती १२, १० आणि १० मिळून ३२ फूट. तावाची ४ फुटांची बाजू आडवी धरली तर ८ ताव. सेटची उंची १० फूट, म्हणजे वरच्या २ फुटांसाठी ६४ चौरस फूट, आणखी २ ताव. काढती चौथी भिंत १२ फुटांची: ३ ताव, वर एक. एकूण १४. दार-खिडक्यांची जागा वजा करू नका. ती तुटफुटीत जाते. शक्य तिथे भिंतीची लांबी चारच्या पटीत ठेवली तर कापाकापी आणि पैसे दोन्ही वाचतात. यावर लाकडी फ्रेम, मागचे टेकू, रंग, मजुरी, वाहतूक आणि सेट उतरवण्याचा खर्च धरा. हा शेवटचा खर्च नवे लोक हमखास विसरतात.

वस्तू विकत, भाड्याने की उसन्या हे प्रत्येक ओळीसमोर लिहा. मुंबईत जोगेश्वरी-ओशिवऱ्याचं फर्निचर, चोरबाजार, लॅमिंग्टन रोड. पुण्यात बुधवारी आणि रविवारी भरणारा जुना बाजार. जर्मनची पातेली, पितळी तांब्या, लोखंडी ट्रंक अजून मिळतात. उसनी वस्तू घेताना तिचा फोटो मालकासमोर काढा, आधीचे पोचे-चरे दिसतील असा.

पाचवी पायरी: ड्रेसिंग

बांधून झालेली कोरी खोली हा अर्धा सेट. आता तिच्यात माणसं राहिलीत असं वाटलं पाहिजे. मुलतानी माती, चहाचं पाणी, पातळ केलेला तपकिरी रंग, पॉलिश पेपर ही जुनं करण्याची साधनं. पण डाग कुठे पडणार याचा विचार हवा: दिव्याच्या बटणाभोवती बोटांचे, स्टोव्हच्या वर काजळीचे, मोरीच्या कडेला शेवाळी. सगळीकडे सारखा मळ फासला की खोली बेवारस दिसते. सुमन नीटनेटकी बाई असेल तर गरीब घरातही भांडी लखलखतील आणि रांगेत असतील. पात्राबद्दल दिग्दर्शकाला प्रश्न विचारायचे ते इथे.

पांढराशुभ्र रंग कॅमेऱ्याला त्रास देतो, म्हणून पांढऱ्या भिंती, चादरी, कागद जरा करडे किंवा चहाच्या पाण्यातून काढलेले ठेवतात. बारीक चौकड्या आणि अगदी जवळ जवळच्या रेघा डिजिटल कॅमेऱ्यावर थरथरतात. काचेच्या फ्रेमवर दिव्याचं प्रतिबिंब पडतं; फ्रेम वरून किंचित पुढे झुकवून टांगली तर बहुतेक वेळा ते जातं.

पत्राला वेगळा वेळ द्या. ते पूर्ण लिहा, "मजकूर मजकूर" असं नको; वाचणाऱ्या अभिनेत्रीच्या डोळ्यांना खऱ्या ओळी मिळाल्या की तिचं वाचन बदलतं. अक्षर कुणाचं ते ठरवा, गावच्या मास्तरांचं की धाकट्या भावाचं. एकाच अक्षरात किमान सहा प्रती तयार ठेवा, घडी घालून तितक्याच मळवलेल्या.

नोटा लागणार असतील तर सावध राहा. चलनी नोटेसारखी दिसणारी नोट छापणं कायद्याने गुन्हा आहे. खऱ्या नोटा वरखाली लावून मध्ये कोरे कागद ठेवा. पाटीवर खरा फोन नंबर, रस्त्यावर कुणाच्या खऱ्या गाडीचा नंबर, दुकानात परवानगीशिवाय ब्रँड, हे सगळं निर्मात्याला अडचणीत आणतं.

सहावी पायरी: सेटवरचा स्टँडबाय

तुमची पहिली नोकरी बहुधा हीच असेल. चित्रीकरण चालू असताना कलाविभागाचा एक माणूस सतत कॅमेऱ्याजवळ उभा असतो. सिनेमाची भाषा खऱ्या अर्थाने कळते ती या जागेवर, कारण शॉट कसा बदलतो, लेन्स बदलल्यावर काय दिसेनासं होतं, नट वस्तू कशी हाताळतो हे सगळं दोन हातांवर घडत असतं.

कमरेच्या पिशवीत टेप, मार्कर, काळा आणि पांढरा कापडी टेप, दुहेरी चिकटपट्टी, कटर, फेव्हिक्विक, तंगूस, सेफ्टी पिना, चकाकी मारणारा डलिंग स्प्रे, पाण्याची फवारणी बाटली आणि जुनं फडकं. लायटर विसरू नका.

जेवणाचा प्रसंग स्टँडबायची परीक्षा पाहतो. विठोबा पहिल्या शॉटमध्ये भाकरीचा तुकडा मोडतो. तोच भाग सुमनच्या बाजूने, मग जवळून, मग ताटाचा वेगळा. प्रत्येक वेळी चार-पाच टेक धरले तरी वीसेक वेळा ताट पहिल्यासारखं करावं लागेल. तेवढ्या भाकऱ्या, तेवढी भाजी, एकाच घरातून, एकाच आकाराच्या. नटाला काय चालत नाही हे आदल्या दिवशी विचारा. प्रत्येक टेकच्या सुरुवातीला आणि शेवटी ताटाचा फोटो घ्या, वरून आणि कॅमेऱ्याच्या बाजूने, आणि फोटोला सीन, शॉट, टेकचा क्रमांक त्याच क्षणी द्या. संध्याकाळी देऊ म्हणालात तर सगळे फोटो सारखेच दिसतात. कंटिन्युइटी, म्हणजे एक शॉट दुसऱ्याशी जुळतो का, ते पाहणाऱ्या सहायक दिग्दर्शकाशी रोज ताळा करा. त्याची नोंद शब्दांत असते, तुमची वस्तूंत.

जेवणाच्या सुट्टीत अर्धवट चित्रित सेटवर दोरी लावून "हलवू नका" अशी पाटी ठेवा. लोक दमलेले असतात, सेटवरच्याच खाटेवर आडवे होतात. प्रेमाने उठवा.

सुरक्षितता तुमचीही जबाबदारी आहे. थर्माकोल, प्लाय, पडदे आणि गरम दिवे एकत्र असतात. २०१७ साली चेंबूरच्या आर. के. स्टुडिओत लागलेल्या आगीत जुने पोशाख आणि आठवणींच्या वस्तूही गेल्या. बाहेर पडायच्या वाटेवर सामान रचू नका, फ्लॅटचे, म्हणजे सेटच्या उभ्या केलेल्या भिंतींचे, टेकू रोज हाताने हलवून बघा, स्प्रे मारताना मास्क लावा, आणि स्टोव्ह पेटवण्याच्या शॉटला अग्निशामक हातभर अंतरावर ठेवा.

आत कसं शिरायचं

पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये (एफटीआयआय) आणि कोलकात्याच्या सत्यजित राय संस्थेत प्रवेश परीक्षेतून जाता येतं. एफटीआयआयमध्ये कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइनचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. जे. जे., पुण्याचं अभिनव कला महाविद्यालय, कोल्हापूरची कलामहाविद्यालयं, वास्तुकला किंवा इंटिरिअर शिकलेलेही मोठ्या संख्येने या कामात आहेत. पदवी नसेल तर नाटक हा उत्तम रस्ता आहे. राज्य नाट्य स्पर्धेत नेपथ्याला वेगळं पारितोषिक असतं, महाविद्यालयांच्या फिरोदिया करंडक स्पर्धेत चित्र-शिल्पापासून सगळ्या कला रंगमंचावर येतात. काही मिनिटांत सेट लावून उतरवायची सवय तिथे लागते.

वहीत काय ठेवाल? सीन १४ ची फोड, संदर्भचित्रं, मोजमापाचा नकाशा, भिंतींची चित्रं, प्लायचा हिशेब, पत्राचा खरा नमुना. असे तीन प्रसंग पुरे, मात्र तीन वेगळ्या काळांचे आणि वेगळ्या आर्थिक स्तरांचे. सोबत स्वतः बनवलेल्या वस्तूंचे आधीचे-नंतरचे फोटो.

ज्यांचं काम आवडलं त्या चित्रपटांची नामावली थांबवून वाचा आणि कलादिग्दर्शकाच्या खालची नावं टिपा. चीफ असिस्टंटला माणसं लागतात आणि तोच ती घेतो. त्याला थोडक्यात निरोप पाठवा: काय येतं, कुठे राहता, कधीपासून मोकळे आहात, आणि वहीची लिंक. उत्तर आलं नाही तर महिन्याभराने पुन्हा. मुंबईच्या सेटवर सिने कामगारांच्या फेडरेशनशी संलग्न संघटनेचं कार्ड विचारलं जाऊ शकतं. कामावर जाण्याआधी चीफला त्याबद्दल स्पष्ट विचारून घ्या.

पैशांचं बोलणं लाजू नका. रोजचे की महिन्याचे, किती तासांची शिफ्ट, जादा वेळेचं काय, रात्री उशिरा सुटल्यावर गाडी कोण देणार, आणि पैसे किती दिवसांनी. मालिकांमध्ये ९० दिवसांनी पैसे मिळण्याची पद्धत सर्रास आहे, तेव्हा तीन महिन्यांची सोय आधी करून ठेवा. ठरलेलं सगळं एका मेलमध्ये लिहून पाठवा. हातखर्चाला मिळालेल्या रकमेचा हिशेब त्याच रात्री लिहा. बिल नसेल तिथे व्हाउचरवर सही घ्या आणि सगळ्यांचे फोटो काढून ठेवा. चीफला तुमच्यावर विश्वास ठेवायला याहून मोठं कारण लागत नाही.

चित्रीकरण संपल्यावर दोन दिवस तुमचेच असतात. उसन्या वस्तू यादीप्रमाणे परत, प्रत्येकीची पोच घेऊन. भाड्याच्या वस्तू एक दिवसही उशिरा नाही. प्लाय आणि फ्रेम पुढच्या कामासाठी कुठे जाणार ते निर्मितीप्रमुखाकडून लेखी. आणि संकलन सुरू होण्याआधी नामावलीसाठी तुमचं नाव आणि पद, देवनागरीत अचूक लिहून, निर्मिती कार्यालयाला मेल करा.